दर शनिवारची स्मारकफेरी

व्याही जेवायला बसलेला असताना यजमानाने वाढावे, बोलू नये. हा साधा नियम सोपानराव खैरे यांनी पाळला असता तर पुढचे काहीच घडले नसते. परंतु त्या रविवारी मासवडीचा रस्सा जमून आला होता, व्याही तृप्त झाले होते, आणि तृप्त झालेला माणूस प्रवासवर्णन सांगू लागतो, हा निसर्गाचा नियम यजमानांच्या नियमापेक्षा जुना आहे.

व्याही म्हणजे निवृत्त सुभेदार माऊली थोरात, मुक्काम खुटबाव, तालुका दौंड. सोपानरावांची एकुलती एक लेक सारिका गेल्या माघात त्यांची सून झाली होती. सुभेदार नुकतेच आपल्या पलटणीच्या मेळाव्यासाठी बंगळुरूला जाऊन आले होते. तिथे म्हणे संध्याकाळी एक गाईड पाच-पंचवीस माणसांना बरोबर घेऊन पायी निघतो, शहरातली युद्धस्मारके एकामागून एक दाखवतो आणि प्रत्येक दगडाची हकिगत सांगतो. मध्ये कुणी बोलत नाही, कुणी मागे रेंगाळत नाही. ही कथा रश्श्याच्या दोन वाट्यांना पुरली. मग भाकरीचा शेवटचा तुकडा ताटात फिरवीत सुभेदार म्हणाले, "आपल्या भागात कुठलं आलंय असलं? त्याला शिस्त लागती. शिरूरला काय हाय, बाजार आन् धूळ."

धूळ सोपानरावांनी सोसली असती. बाजार तर ते स्वतःच दर आठवड्याला सोसत. पण शिस्त हा शब्द त्यांना लागला. त्यांनी यंत्र अभियांत्रिकीची पदविका घेतली होती, सणसवाडीच्या एका कारखान्याचा देखभाल विभाग उभी हयात सांभाळला होता, आणि निवृत्तीनंतर हात रिकामे राहू नयेत म्हणून घरातल्या नळाच्या प्रत्येक कॉकवर तैलरंगाने क्रमांक टाकले होते. त्यांच्या पत्नी गिताबाई पाहुण्यांना न्हाणीघर दाखवताना अजूनही "गरम पाण्याला चार नंबर फिरवा" असेच सांगत. अशा माणसाला, त्याच्याच घरी, त्याचीच मासवडी खाऊन बेशिस्त गावचा रहिवासी ठरवावे, हे काही बरे नव्हे.

"शिरूरलाही आहे," सोपानराव म्हणाले. "दर शनिवारी. सायंकाळी."

गिताबाई गरम भाकरी घेऊन येत होत्या, त्या उंबऱ्यातच थांबल्या. सुभेदारांनी ताटातून मान वर केली. सीमेवर आयुष्य काढलेल्या माणसाची नजर समोरच्यावर स्थिर होते तेव्हा समोरच्याला आपली कागदपत्रे खिशात आहेत की नाहीत, असे उगाचच वाटते. पण सुभेदार एवढेच म्हणाले, "आरं वा. मग ह्याच शनिवारी येतो की आम्ही दोघं."

पाहुण्यांची जीप न्हावऱ्याच्या रस्त्याला लागेपर्यंत गिताबाई काही बोलल्या नाहीत. नंतर त्यांनी जे सांगितले त्याचा मथितार्थ असा, की खोटे बोलायचे तर माणसाने शेजाऱ्याशी बोलावे, दुधवाल्याशी बोलावे, वेळ पडली तर बायकोशीही बोलावे. लेकीच्या सासऱ्याशी बोलू नये. खोटे उघडे पडले तर बापाचे काय, तो बापडा शिरूरला बसून पेपर वाचेल. ऐकून घ्यायचे ते सारिकाने. उद्या तिने सासरी 'दूध उतू गेलं नाही' असे सांगितले तरी लोक आधी पातेल्यात डोकावतील.

सारिकाचा फोन दुसऱ्याच दिवशी आला. सासऱ्यांनी पारावर, डेअरीवर आणि केशकर्तनालयात सगळीकडे शिरूरच्या फेरीची हकिगत सांगून ठेवली होती. आणि इतके सांगून तिने विचारले, "आप्पा, खरंच असते ना हो तशी फेरी?"

सोपानराव म्हणाले, "असणार आहे."

हे उत्तर व्याकरणदृष्ट्या निर्दोष होते. सारिकाने मात्र फोन आईकडे द्यायला सांगितले.

कारखान्यात मोठी दुरुस्ती काढायची असली की यंत्रे बंद पाडून ठरलेल्या मुदतीत सर्व कामे उरकावी लागत. तिला शटडाउन म्हणत. सोपानरावांनी असे कितीतरी शटडाउन पार पाडले होते, तेव्हा एक संध्याकाळ म्हणजे काय मोठे. त्यांनी आलेखकागदावर आडव्या पट्ट्या काढल्या, कोणते काम कोणत्या कामावर अवलंबून ते बाणांनी दाखवले, आणि पहिल्या पट्टीत 'स्मारके शोधणे' असे लिहिले. युद्धस्मारकांच्या फेरीला युद्धस्मारके लागतात, ही अडचण त्यांच्या ध्यानात प्रथम या पट्टीपाशीच आली.

सुदैवाने शिरूरने त्यांची लाज राखली. जुन्या चावडीच्या भिंतीत पहिल्या महायुद्धातली एक संगमरवरी पाटी होती. या गावातून इतके जण लढाईवर गेले, पैकी इतके परत आले नाहीत, असा तिच्यावरचा मजकूर. ती अर्धी वाढदिवसाच्या फ्लेक्समागे आणि अर्धी उसाच्या रसाच्या गाडीमागे होती. एका छोट्या बागेत तालुक्यातल्या शहीद जवानांचा स्तंभ होता. बागेला कुलूप होते. आणि घोड नदीकडे जाणाऱ्या रस्त्यावर पिंपळाखाली एक वीरगळ होता. जुन्या काळी लढाईत पडलेल्या वीरासाठी उभा केलेला, तीन थरांत कोरलेला दगड. खालच्या थरात लढाई, मधल्यात वीराला वर नेणाऱ्या अप्सरा, वरच्यात वीर महादेवाच्या पिंडीपुढे हात जोडून बसलेला. सोपानरावांना ही रचना फार आवडली. खालून वर वाचायचे, इतकी सोपी रेखाकृती कारखान्यातसुद्धा कुणी काढीत नसे. अडचण एवढीच, की दगडाला शेंदराचे पिढ्यान्‌पिढ्यांचे थर चढले होते, आणि लोक त्याला रावबाबा म्हणून नवस बोलत होते.

दुसरी पट्टी गाईडची. स्वतः सोपानरावांना पुढे होऊन बोलता येत नव्हते, कारण 'दर शनिवारी असते' या विधानात फेरी चालवणारा कुणी दुसरा असतो हे गृहीत होते. त्यांनी सिद्दीकभाईंना गाठले. सिद्दीकभाई मंडप आणि स्पीकर भाड्याने देत आणि बैलगाडा शर्यतीत निवेदन करीत. पंचक्रोशीतल्या कुठल्याही घाटात, म्हणजे शर्यतीच्या धावपट्टीवर, बारीला गाडा सुटला की आधी बैल दिसत नाहीत, सिद्दीकभाईंचा आवाज ऐकू येतो. सोपानरावांनी त्यांना तीनही स्मारकांची माहिती टंकलिखित करून दिली आणि हा सगळा मामला सारिकाच्या सासरचा आहे हेही सांगितले.

सिद्दीकभाईंनी कागद वाचले व ते म्हणाले, "खैरेसाहेब, सारिका माझ्या शाहिस्ताबरोबर शाळेत जायची. पोरीचं काम हाय, एक रुपया घेणार न्हाई. पन रावबाबाला मेलेला माणूस म्हनून सांगायचं, ते काय माझ्याच्यानं व्हायचं न्हाई."

सोपानरावांनी पुराव्यानिशी पटवले. सिद्दीकभाईंनी मान डोलावली. माइक हाती धरणारा माणूस मान डोलावतो ती 'ऐकले' या अर्थाने, 'मानले' या अर्थाने नव्हे, हे सोपानरावांना माहीत असते तर बरे झाले असते.

तिसरी पट्टी फेरीला येणाऱ्या लोकांची. दोनच पाहुणे घेऊन निघालेली फेरी दर शनिवारची दिसणार नाही, म्हणून सोसायटीतल्या चार-सहा कुटुंबांना विश्वासात घेणे भाग पडले. आणि विश्वास ही वस्तू सोसायटीत दुसऱ्या मजल्यापर्यंतच टिकते. सायंकाळपर्यंत सर्व इमारतीला ठाऊक झाले होते आणि सल्ले येऊ लागले होते. कुणी म्हणाले, पुण्याहून आल्यासारखे दिसण्यासाठी सर्वांनी टोप्या आणि गॉगल घालावेत. कुणी म्हणाले, नुसते चालायला लोक येत नाहीत, शेवटी भेळ असल्याचे पसरवा. सोपानरावांनी हे दोन्ही सल्ले बाणेदारपणे नाकारले, आणि दोन्ही सल्ले आपापल्या पायांनी गावात गेले.

एका पेन्शनर शेजाऱ्यांनी दिलेला सल्ला मात्र त्यांनी मानला, आणि तोच घातक निघाला. शेजारी म्हणाले, परवानगी काढलेली बरी.

इथे एक तांत्रिक मुद्दा समजून घेतला पाहिजे. आपल्याकडे पन्नास माणसे रस्त्याने चालली तर त्याला कुणी हरकत घेत नाही; वराती चालतात, मिरवणुका चालतात, विनाकारणही माणसे चालतात. परंतु त्यांपैकी एकाने जरी 'आम्ही चालू का?' असे विचारले, तर उत्तर देण्याची जबाबदारी कुणावर तरी येते, आणि जबाबदारी आली की माणूस सावध होतो. कोणती कचेरी हे सांगण्यात अर्थ नाही, कारण सोपानराव एकूण ज्या कचेऱ्यांत जाऊन आले त्या सर्वांनी त्यांना दुसऱ्या कचेरीत पाठवले होते. अखेर एका टेबलावर एक सज्जन गृहस्थ भेटले. त्यांनी अर्ज शांतपणे वाचला. अनेक माणसे, ध्वनिक्षेपक, पायी, ठरलेला मार्ग. ही सर्व लक्षणे त्यांनी जुळवली आणि हा मोर्चा असल्याचे निदान केले.

"मागण्या काय आहेत?" त्यांनी विचारले.

"मागण्या नाहीत."

"मोर्चा आहे आणि मागण्या नाहीत?" त्या गृहस्थांच्या चेहऱ्यावर प्रथमच काळजी उमटली. मागण्या असलेला मोर्चा त्यांनी आयुष्यभर पाहिला होता. तो येतो, ओरडतो, निवेदन देतो आणि वडापाव खाऊन घरी जातो. मागण्याच नसलेला मोर्चा कशाने समाधान पावणार आणि कुठे थांबणार, हे सांगता येत नाही. त्यांनी परवानगी दिली, पण बरोबर एक हवालदार दिला, आणि मोर्चाच्या खऱ्या मागण्या शोधून काढाव्यात अशी त्याला तोंडी सूचना दिली.

शनिवार उजाडला, मावळतीला आला, आणि चावडीपाशी जीप थांबली. सुभेदार कडक इस्त्रीच्या पांढऱ्या सदऱ्यात उतरले. मागून विहीणबाई, म्हणजे अनसाबाई, डबा सांभाळत उतरल्या. समोर जमलेला समुदाय पाहून सुभेदारांच्या भुवया वर गेल्या. सोसायटी तर होतीच, पण भेळेची वार्ता सोसायटीच्या फार पुढे गेली होती. त्यातच हवालदार पुढे आले, आणि सुभेदारांच्या ताठ कण्याकडे पाहून सवयीने त्यांनी सलाम ठोकला. "बंगळुरूला पोलीस नव्हता," सुभेदार हळूच म्हणाले. सोपानरावांनी 'असतो बापडा दर शनिवारी' अशा अर्थाचे स्मित केले. त्यांच्या तक्त्यात आतापर्यंतच्या सर्व पट्ट्या पूर्ण रंगल्या होत्या. कारखान्यातही नेमक्या अशाच वेळी बॉयलर फुटत असे.

सिद्दीकभाईंनी माइक तोंडाशी नेला, दोनदा फुंकला आणि समोर पाहिले. समोर उसाच्या रसाच्या गाडीचे मालक उभे होते. पाटी दिसावी म्हणून त्यांनी आपण होऊन गाडी बाजूला घेतली होती. आता, आपल्या भागात विहिरीला पाणी लागले तरी आधी सत्कार होतो आणि मग मोटर बसते. माइक हाती असलेल्या माणसाने समोरच्या उपकारकर्त्याचे नाव घेऊ नये, ही अपेक्षा म्हणजे पाण्याने उताराला जाऊ नये अशी अपेक्षा. सिद्दीकभाईंनी घोषणा केली, की प्रथम पाहुण्यांचा, म्हणजे खुटबावचे भूषण सुभेदार थोरात यांचा सत्कार, आणि नंतर रसवंतीच्या मालकांचा.

सोपानरावांकडे शाल एकच होती. ती सुभेदारांसाठी आणलेली, चांगली उबदार, काठाची. ती सुभेदारांच्या खांद्यावर पडली, टाळ्या झाल्या. मग सिद्दीकभाई अदबीने म्हणाले, "सुभेदारसाहेब, जरा द्या हं." आणि तीच शाल रसवाल्यांच्या खांद्यावर गेली. रसवाल्यांचा झाला म्हणून शेजारच्या पानवाल्यांचा करावा लागला. नाहीतर त्यांनी उद्यापासून गाडी तिथे लावू दिली नसती. फ्लेक्सवरच्या वाढदिवसाच्या युवकाचा फ्लेक्स थोडा दुमडावा लागणार होता, तेव्हा त्याचा सत्कार तर अपरिहार्यच. हवालदारांचा झाला. फेटा बांधलेले एक गृहस्थ केवळ फेट्यामुळे सत्कारास पात्र ठरले, ते एस.टी.ची वाट पाहत होते असे मागाहून कळले. प्रत्येक वेळी शाल खांद्यावर चढे, फोटो होई आणि शाल उतरे. नारळसुद्धा एकच होता. तो इतक्या हातांतून गेला, की शेवटी त्याची शेंडी निघून आली. सोपानराव मागच्या रांगेत नित्याच्या सभासदाचा चेहरा करून उभे होते. हा प्रकार दर शनिवारी होतो असे दाखवावे, की आजच झाला असे दाखवावे, हे त्यांना ठरवता येईना.

दिवस बुडायला आला तेव्हा सिद्दीकभाईंना पाटीची आठवण झाली. सोपानरावांनी टंकलिहून दिलेला मजकूर त्यांनी प्रामाणिकपणे पाठ केला होता. शब्द तेवढे स्वतःचे घातले. "मंडळी, चौदा साली लढाईची बारी सुटली. घाट सातासमुद्रापलीकडचा. समोर जर्मनची जोडी, पोसलेली, माजलेली. आपली पोरं म्हंजी जोंधळ्याच्या भाकरीवरची. पन दावं सुटल्यावर मागं बघितलं न्हाई. कवा गेली ते आईबापाला कळलं, जी परत न्हाई आली ती कुठं पडली ते अजून न्हाई कळलं. नाव पाटीवर न्हाई. घाटात पडलेल्या बैलाचं बी आपन नाव सांगतो, मंडळी. हितं नुसता आकडा हाय."

सोपानरावांनी डोळे मिटून घेतले होते. त्यांच्या मजकुरात बैल नव्हता. डोळे उघडले तेव्हा सुभेदार पाटीसमोर गेलेले होते आणि आकड्यावरची धूळ अंगठ्याने पुसत होते. "बंगळुरूचा गाईड इंग्रजीत बोलत होता," ते म्हणाले, "ह्यो समजतो."

बागेकडे निघालेल्या फेरीत आता भेळेच्या आशेने आणखी माणसे मिसळली होती, आणि हवालदार कर्तव्यबुद्धीने प्रत्येकाला विचारीत होते, मागणी काय? माणसाला कुणी गणवेशातल्या इसमाने इतक्या आस्थेने मागणी विचारली, की 'काही नाही' असे सांगणे बरे दिसत नाही. एकाने नळाला पाणी कमी दाबाने येत असल्याचे सांगितले. दुसऱ्याने रस्त्यावरचे दिवे सांगितले. सणसवाडीहून कामावरून परतणारे दोन परप्रांतीय कामगार मध्येच फेरीत सापडले, त्यांनी हिंदीतून खोलीभाडे फार वाढल्याचे सांगितले. मग मागून कुणीतरी सवयीने घोषणा दिली आणि पुढच्यांनी सवयीने ती उचलली. अशा रीतीने सोपानरावांच्या निरंक मोर्चाला बागेपर्यंत पोचताना मागण्या फुटल्या, आणि हवालदारांच्या मनावरचे ओझे उतरले.

बागेला कुलूपच होते. किल्ली ज्यांच्याकडे असते ते भांडगावला लग्नाला गेले होते आणि किल्ली त्यांच्या खिशात होती. ही पट्टी सोपानरावांच्या तक्त्यात नव्हती. ते गजांशी उभे राहिले आणि काहीतरी कारण शोधू लागले. पण सुभेदारांनी कारण विचारले नाही. त्यांनी गजांतून स्तंभाकडे पाहिले, सदरा खाली ओढला, टाचा जुळवल्या आणि बाहेरूनच सलाम केला. तो पाहून हवालदारांनी केला. घोषणा देणारे मध्येच थांबले. सिद्दीकभाई गजांना चिकटून, बारीक डोळे करून स्तंभावरची नावे वाचू लागले; एकेक नाव, गाव, बस. त्यात बारी नव्हती, घाट नव्हता. वाचून झाल्यावर त्यांनी माइक बंद केला आणि कुणी सांगितल्याशिवाय सगळे तसेच उभे राहिले. रस्त्यावरून जाणाऱ्या एका ट्रॅक्टरवाल्याने गाणे बंद केले. सोपानरावांना पहिल्यांदाच असे वाटले, की ही फेरी दर शनिवारी असायला काही हरकत नव्हती.

हे वाटणे पिंपळापर्यंत टिकले.

रावबाबांच्या दगडापाशी दिवा लावायला बायका जमल्या होत्या, आणि इतकी माणसे पायी आलेली पाहून त्यांचा समज असा झाला, की कुणीतरी मोठा नवस फेडायला आले आहे. चपला काढा, असा हुकूम सुटला. हळदीकुंकू आले. सोपानरावांनी मागून सिद्दीकभाईंना खुणावले, की वीरगळ, तीन थर, लढाईत मरण. सिद्दीकभाईंनी न पाहिल्यासारखे केले. तेव्हा सोपानरावांमधला पदविकाधारक जागा झाला, आणि आपण केवळ श्रोते आहोत हे विसरून ते पुढे होऊन म्हणाले, की हा देव नसून लढाईत मेलेल्या एका सैनिकाचे स्मारक आहे.

एका म्हातारीने दिव्याची वात सारता सारता मान वर केली. "कोन मेलंय?"

"हेच. रावबाबा."

"मंगळवारी माझ्या नातीला गुण दिला त्यांनी. मेलेला माणूस गुण देतो व्हय?" म्हातारी म्हणाली, आणि मग तिने सोपानरावांच्या एकूण शिक्षणाविषयी दोन वाक्ये उच्चारली, ती येथे देण्यासारखी नाहीत. बाकीच्या बायका उठून उभ्या राहिल्या. भेळेसाठी आलेले लोकसुद्धा देवाच्या बाजूने झाले. हवालदारांना या मागणीसाठी रकाना सापडेना. सुभेदार व्याह्यांकडे पाहत होते, आणि सोपानरावांना त्या क्षणी आपली लेक खुटबावच्या ओट्यावर खाली मान घालून बसलेली स्पष्ट दिसली.

सिद्दीकभाईंनी माइक उचलला. "आज्जी, गाईड मी हाय का ते? मी सांगतो. बाबा घोड्यावर बसून लढले. मोठी लढाई झाली. लढाई झाल्यावर सगळे आपापल्या गावाला गेले, बाबा तेवढे हितंच मुक्कामाला राह्यले. गावाला राखायला. बघा, वर महादेवापुढं बसलेत."

म्हातारीने दगडाकडे पाहिले, सिद्दीकभाईंकडे पाहिले आणि ती म्हणाली, "ह्याला कळतं." मग सोपानरावांकडे वळून म्हणाली, "पाया पड." सोपानराव पाया पडले. अनसाबाईंनी डबा उघडला, त्यात नैवेद्याच्या पुरणपोळ्या निघाल्या. त्यांना इथे देव आहे हे कसे कळले होते, याचा विचार करण्याची शक्ती सोपानरावांत उरली नव्हती. आरती झाली, प्रसाद वाटला गेला, आणि ज्या भेळेचा सोपानरावांनी कधीच इन्कार केला होता ती शोधत फेरीचा मोठा हिस्सा बाजाराकडे निघून गेला.

सुभेदारांनी सोपानरावांना बाजूला घेतले. "व्याही, एक विचारायचं हाय. राग मानू नका."

सोपानराव मनातल्या मनात शिक्षेला उभे राहिले. त्यांनी कबुलीजबाब तयार केला. त्यात तीन वाक्ये होती आणि तिन्हींत सारिकाचा काही दोष नसल्याचे होते.

"हे सिद्दीकभाई," सुभेदार घसा खाकरून म्हणाले, "रविवारी मोकळे असत्यात का?"

सोपानरावांना हे कळले नाही. सुभेदार नदीकडे तोंड करून बोलू लागले. गेल्या रविवारी शिरूरहून ते तसेच दौंडाला गेले होते. तिथे रात्री जुन्या सैनिकांची बैठक होती. त्यांनी शिरूरच्या फेरीचे वर्णन केले, तर एक जण सगळ्यांसमोर हसला, की शिरूरसारख्या ठिकाणी आहे आणि दौंडाला नाही. "माझ्या तोंडून गेलं बघा. म्हनलं, दौंडाला बी हाय, दर रविवारी. आता उद्या ते सगळे यायचेत, बायकापोरांसकट."

"आणि दौंडला फेरी आहे का?"

"कुठली?" सुभेदार म्हणाले. बर्फात उभ्याने रात्री काढलेला तो माणूस एखाद्या शाळकरी मुलासारखा पायाने माती उकरीत होता.

समोरच्याने इतके मोकळेपणी सांगितल्यावर आपणही सांगून टाकावे, असा क्षण आयुष्यात फार थोड्या वेळा येतो. सोपानरावांनी तो ओळखला आणि जाऊ दिला. ते व्याह्यांच्या खांद्यावर हात ठेवून अत्यंत गंभीरपणे म्हणाले, "सुरुवातीला अडचणी येतातच, सुभेदारसाहेब. आमचेही पहिले काही शनिवार असेच गेले."

"काही शनिवार?" मागून अनसाबाई म्हणाल्या. त्या आणि गिताबाई पिंपळाच्या पारावर एकाच द्रोणात प्रसाद खात बसल्या होत्या. "अवो, सारिका माझ्यापाशी येऊन रडली सोमवारी, का आप्पांनी नसती फेरी लावलीय म्हनून. मंगळवारी ह्यांचं दौंडाचं कळलं. बुधवारी मी विहीणबाईंना फोन केला. दोघंबी सारखेच, म्हनलं, कोन कुनाला हसनार."

"टेम्पो ठरवलाय," गिताबाई म्हणाल्या. "उद्या दौंडला माणसं कमी नकोत, म्हणून आपली सोसायटीच न्यायची. सिद्दीकभाईंनाही विचारून झालंय."

सोपानराव नदीकडे पाहत होते. सुभेदार आधीपासूनच पाहत होते. अखेर सुभेदारांनी नजर न वळवता विचारले, "म्हंजी तुमचा पहिला शनिवार कंचा म्हनायचा?"

"आजचाच," सोपानराव म्हणाले.

"तरी बरा झाला," सुभेदार म्हणाले. मग थोडे थांबून, आवाज आणखी खाली आणून त्यांनी विनंती केली, की उद्या सोपानरावांनी पुढच्या रांगेत उभे राहावे. शिकलेला माणूस दिसतो. दौंडच्या मंडळींना सांगता येईल, की आमचे व्याही मुद्दाम शिरूरहून दर रविवारी फेरीला येतात.

सोपानरावांनी गिताबाईंकडे पाहिले नाही. त्यांनी खिशातून पेन काढले, आलेखकागदाची मागची कोरी बाजू गुडघ्यावर पसरली, आणि पहिली आडवी पट्टी काढता काढता म्हणाले, "येतोच. तेवढे फक्त आत्ताच ठरवून ठेवू, म्हणजे उद्या चूक व्हायला नको. दर रविवारी मी साधारण किती वाजता येत असतो?"